मूळ पट्टी

त्याला सगळं गाव ‘रेडिओ’ म्हणायचं. गाण्यात नाव झाल्यावर हे टोपणनाव पडलं असं पुष्कळांना वाटतं, पण ते त्याच्या कितीतरी आधीचं आहे. वडिलांचं केस कापायचं दुकान होतं. तीन खुर्च्या, भिंतभर आरसा आणि आरशाच्या वर फळीवर एक लाकडी रेडिओ. शाळा सुटली की पोरगा दुकानात यायचा, जमिनीवरचे केस झाडायचा आणि रेडिओवर जे लागेल ते तोंडपाठ करायचा. गाणी तर झालीच, पण साबणाच्या जाहिराती, बाजारभाव, हवामान, इतकंच काय मधली खरखरसुद्धा. एकदा रेडिओ बिघडून दुरुस्तीला गेला. गिऱ्हाइकांना चुकल्याचुकल्यासारखं वाटू नये म्हणून या पठ्ठ्यानं झाडता झाडता दुपारचा सगळा कार्यक्रम एकट्यानं म्हणून टाकला. तोंडाला फेस लावून, डोळे मिटून खुर्चीत पडलेले एक गृहस्थ म्हणाले, "अहो, जरा आवाज कमी करा त्याचा." वडिलांना एवढं हसू आलं की वस्तरा खाली ठेवावा लागला. त्या दिवसापासून तो रेडिओ झाला.

हे सगळं बाकावर पाय लोंबकळत ठेवून बघत बसलेली त्याची बहीण म्हणजे धाकटी. ती आज साठीला टेकली, तिच्या मुलाला टक्कल पडायला लागलं, तरी धाकटीच आहे. गोष्ट रेडिओची असली तरी ती धाकटीला दिसली तशीच सांगायला हवी, कारण जन्मभर ती स्टेजवर त्याच्या डाव्या हाताला बसली. वहिनी, म्हणजे रेडिओची बायको, नेहमी म्हणायची, "मला नुसता घरातला माणूस मिळालाय बाई. गाणारा तुझ्याकडंच आहे."

धाकटीच्या हातात वाद्य आलं तेही दुकानातूनच. शाळेतले संगीताचे मास्तर केस कापायला यायचे. त्यांचा खांदा कायमचा धरला, तेव्हा त्यांनी आपला अकॉर्डियन आणून काउंटरवर ठेवला आणि म्हणाले, "घरात पडून राहण्यापेक्षा पोरांना होऊ दे." तो धाकटीपेक्षा मोठा होता. गळ्यात अडकवला की समोरून फक्त दोन वेण्या आणि दहा बोटं दिसायची. रेडिओ गाईल ते ती शोधून काढायची. तिला कुणी शिकवलं नाही आणि तिनंही कुणाला विचारलं नाही. दादा तोंड उघडायच्या आधी छाती किती भरतो ते बघून तिला कळायचं की आता हा कुठल्या सुरावर येणार. वडील गिऱ्हाइकांना सांगायचे, "मुलगा बोलतो फार, मुलगी बोलतच नाही. देवानं वाटणी करताना एकाच ताटात वाढलं."

पुढं बाविसाव्या वर्षी रेडिओ खरोखरच रेडिओवर गायला. नव्या कलाकारांची चाचणी होती, त्यातून एक गाणं मिळालं आणि त्या एका गाण्यानं त्याचं भलं केलं. गाणं साधंच. एका माणसाची शेवटची बस चुकते आणि तो तिच्या मागं धावत ‘थांब’ अशी हाक मारतो. पण ती ‘थांब’ अशी काही वर चढायची आणि वर जाऊन अशी टिकायची, की ऐकणाऱ्यानं चहाचा कप तोंडाशी नेलेला असला तर तो तिथंच राहायचा. वर्षभर हॉटेलात, दुकानात, गच्चीवर तेच गाणं. बसवाल्यांना तर ते आपलंच वाटायचं. रेडिओ रस्त्यानं चालत निघाला की ड्रायव्हर थांबा नसताना बस थांबवायचे आणि कंडक्टर दारातून ओरडायचा, "या, थांबलो!" त्याला जायचं असायचं कोपऱ्यावर भाजी आणायला, पण एवढ्या प्रेमानं थांबवलेली बस सोडायची कशी? तो चढायचा, तीन थांबे पुढं जायचा आणि पिशवी हलवत चालत परत यायचा. वहिनीनं पहिल्या वर्षात कितीदा तरी भाजीची वाट बघितली असेल.

मग सिनेमावाले आले. रेडिओनं एकूण पाच सिनेमांत कामं केली आणि त्याची हकिगत तो स्वतः इतकी रंगवून सांगायचा की सिनेमापेक्षा तीच बघण्यासारखी असायची. पहिल्या सिनेमात त्याला मुक्या पहारेकऱ्याचं काम मिळालं. गाणाऱ्या माणसाला मुक्याचं काम! दुसऱ्यात तो सुरुवातीलाच मरतो आणि अर्धा तास पांढऱ्या चादरीखाली पडून राहतो. एका वर्तमानपत्रानं लिहिलं, काम अत्यंत नैसर्गिक. तिसऱ्यात अखेर त्याला पडद्यावर गाणं मिळालं, पण संगीतकाराचा करार दुसऱ्याच गायकाशी झालेला. तेव्हा नदीकाठी उभं राहून आपल्या रेडिओनं दुसऱ्याच्या आवाजावर ओठ हलवले. लोक विचारायचे, हे कसं काय? तो म्हणायचा, "ओठ माझे, गळा पाहुण्याचा." उरलेल्या दोन सिनेमांबद्दल तो काही बोलायचा नाही, आणि ते बघितलेले लोकही त्याचा मान ठेवून गप्प बसायचे.

धाकटीला मात्र ते दिवस आठवतात ते गाडीतले. वाद्यांनी भरलेली जुनी व्हॅन, मागच्या सीटवर ड्रम, ड्रमवर टोप्या आणि जेवणाचे डबे, खिडकीशी गिटारवाला. हा गिटारवाला पुढं तिचा नवरा झाला. लग्नाचं त्यानं विचारलं तेही गाडीतच, पंक्चर काढायला सगळे उतरले होते तेव्हा, आणि ती ‘बरं’ म्हणाली तेवढ्यात चाक बसलं. रेडिओनं त्याच दिवशी त्याला जावईबापू करून टाकलं आणि मरेपर्यंत तसंच म्हणायचा बेत जाहीर केला. दुसऱ्या गावातलं थिएटर लांबून दिसायला लागलं की रेडिओ पुढच्या सीटवर बसल्या बसल्या घसा साफ करायचा आणि मागचे सगळे न सांगता गप्प व्हायचे. भिंतींवर त्याचं चित्र चिकटवलेलं असायचं. चित्रातला भांग बरोबर उलट्या बाजूला असायचा, कारण छापणाऱ्यानं फोटो उलटा धरलेला. तो कधी दुरुस्त झाला नाही. शेवटी रेडिओनंच भांग उलटा पाडायला सुरुवात केली.

त्या काळात त्याला स्वतःबद्दल एकच अभिमान होता आणि तो थोडाथोडका नव्हता. पट्टीचा. गाणारा ज्या स्वरापासून गाणं उचलतो ती त्याची पट्टी. वय वाढतं तसा गळा जड होतो, मग गाणारे तेच गाणं खालून उचलायला लागतात. रेडिओला ते मान्य नव्हतं. तरुणपणी त्यानं एका मोठ्या गायकाला उतारवयात ऐकलं होतं. गाणं तेच, पण पार खाली आणलेलं, आणि लोकांनी वाजवलेल्या टाळ्या कशा, तर आजारी माणसाला ‘आज बरे दिसता’ म्हणावं तशा. "त्या टाळ्या मी ऐकल्यात," तो म्हणायचा. "तसल्या मला नकोत. पट्टी उतरली की गाणाऱ्यानं उठावं, घरी जावं. मी उठणार." हे तो चारचौघांत म्हणायचा, आणि एकदा बोलला की तो मागं हटत नाही हे सगळ्यांना माहीत होतं. एका सिगारेटवाल्याशी वाद झाला म्हणून त्यानं कायमची सिगारेट सोडली होती.

आणि मग चाळिशी उलटून गेल्यावर ती संध्याकाळ आली. मोकळ्या मैदानात कार्यक्रम, रेडिओ तापातून नुकता उठलेला. ‘थांब’वर त्याचा आवाज फाटला. लोकांना वाटलं माईक गेला. पण धाकटीला दिसलं होतं, छाती भरताना तिथं जागाच नव्हती. कपडे बदलायच्या खोलीत तो खुर्चीवर बसला, बुटाची नाडी सोडली आणि म्हणाला, "संपलं. पुढच्या शनिवारचा कार्यक्रम घेतलाय तेवढा करतो. तोही नीट नाही झाला तर तो शेवटचा."

 तो खरंच उठला असता. दुकान वडिलांबरोबरच गेलेलं, दुसरं काही त्याला येत नव्हतं, आणि येत असतं तरी त्याला न गाता कुणी बघितलं नव्हतं. जेवताना गाणारा, दाढी करताना गाणारा, भांडताना सुरात ओरडणारा माणूस तो. धाकटीला घरी आल्यावर त्या खुर्चीतला वाकलेला दादा डोळ्यांपुढून हलेना. अकॉर्डियन पाठीला झेपेनासा झाल्यापासून ती कीबोर्ड वाजवायची, आणि कीबोर्डला पट्टी बदलायचं एक बटण असतं. बोटं त्याच जागी पडतात, आवाज मात्र खालून येतो. शनिवारी तिनं ते बटण एकदा दाबलं. अर्धा स्वर खाली. नवऱ्याला सांगितलं, त्यानं गिटारच्या तारा तेवढ्याच उतरवल्या. ड्रमवाल्याला सगळ्या पट्ट्या सारख्याच.

रेडिओ तिच्या बोटांकडं बघून सुरुवात करायचा. बोटं रोजच्या जागी होती. ‘थांब’ चढली, टिकली, लोक उभे राहिले. खोलीत येऊन त्यानं धाकटीच्या डोक्यावर टपली मारली. "ताप होता गं नुसता. गळा आहे तिथंच आहे." ती हसली. पुढच्या महिन्यात बटण परत वर करू, असं तिनं स्वतःला सांगितलं होतं. पुढच्या महिन्यात ती विसरली, असंही तिनं स्वतःला सांगितलं.

त्यानंतर वीसेक वर्षांत ते बटण आणखी चारदा दाबलं गेलं. कधी दम्याचा झटका येऊन गेल्यावर, कधी नुसताच हिवाळा सरल्यावर. बटणाशेजारी एक छोटी खिडकी असते, तिच्यात आकडा उजळतो; त्याच्यावर तिनं जखमेला लावायचं प्लास्टर चिकटवलं. कुणी विचारलं तर म्हणायची, काच तडकलीय. सगळ्या बँडला ठाऊक होतं, फक्त गाणाऱ्याला नाही. तो आपली जुनी रेकॉर्ड कधी ऐकायचा नाही. "स्वतःचं गाणं ऐकणं म्हणजे आरशासमोर बसून जेवणं," असं त्याचं मत होतं, त्यामुळं त्या बाजूनंही धोका नव्हता. उलट तो जास्तच फुशारक्या मारायला लागला. मुलाखतीत सांगायचा, माझी बाविसाव्या वर्षी होती तीच पट्टी आज आहे. नव्या पोरांना झापायचा, "खालून काय गाता रे, जिना चढायला लाज वाटते का?" अशा वेळी गिटारवाला खिडकीबाहेर बघायचा. घरी येऊन म्हणायचा, "एक दिवस हा असाच बढाया मारत मारत तळघरात पोचणार आहे." धाकटी त्याला गप्प करायची. तिला भीती वाटायची, आणि ती भीती वर्षागणिक मोठी होत गेली, कारण एकदा अर्धा स्वर खोटं बोलणं वेगळं आणि वीस वर्षं बोलणं वेगळं.

थिएटरं गेली, हॉटेलांचे हॉल आले. मग कंपन्यांची वार्षिक जेवणं, कुणाच्या निवृत्तीचे समारंभ. चमच्यांच्या आवाजात गायची सवय झाली. तरी ‘थांब’ला चमचे थांबायचे, एवढं राहिलं होतं.

आणि मग रेडिओ केंद्रातून फोन आला. जुनी इमारत बंद होणार होती. तिच्यातल्या सभागृहात शेवटचा एक कार्यक्रम करायचा होता, आणि तिथल्या ध्वनिमुद्रण करणाऱ्या तरुणाला कपाटात त्या गाण्याची मूळ टेप सापडली होती. आता यंत्रावर त्यातला आवाज वाद्यांपासून वेगळा काढता येतो म्हणे. कल्पना अशी, की पहिलं कडवं टेपवरचा बावीस वर्षांचा रेडिओ गाईल, दुसरं आजचा, आणि शेवटची ‘थांब’ दोघं मिळून. रेडिओ आनंदानं वेडा व्हायचा बाकी राहिला. त्यानं कोट शिंप्याकडं टाकला. ओळखीच्या, अनोळखी सगळ्यांना सांगितलं, "माझ्यासोबत गायला शेवटी माझ्याच तोडीचा माणूस मिळाला."

 टेप मूळ पट्टीत होती. तिथं तो आता पोचणार नव्हता, आणि पोचला नाही की का पोचला नाही हे त्याला तिथंच, लोकांसमोर कळणार होतं. धाकटी कुणाला न सांगता रेडिओ केंद्रात गेली. तो तरुण मान डोलावत ऐकत राहिला. मग म्हणाला, "टेप खाली आणता येईल काकू, अवघड नाही. आवाज थोडा जाड होईल इतकंच."

"होऊ दे जाड."

"पण त्यांना सांगून टाका ना सरळ."

"तू त्याला ओळखत नाहीस," धाकटी म्हणाली. "टेप खाली आण."

तालमीच्या दिवशी सभागृहात अर्ध्या खुर्च्या उचललेल्या होत्या, भिंतीवर घड्याळाच्या जागी पांढरा गोल राहिला होता. रेडिओ ऐटीत माईकपाशी उभा राहिला. तरुणानं टेप लावली. दोन ओळी झाल्या आणि रेडिओनं हात वर केला.

"हा कोण गातोय?"

तरुण हसला. "तुम्हीच की काका!"

"मी नाही हा."

"अहो, टेपवर नाव आहे तुमचं."

"नाव असू दे. हा कुणीतरी नाकात कापूस घालून मी असल्याचं सोंग करतोय. बाविसाव्या वर्षी मी कसा गायचो ते मला नको सांगू. परत लाव."

तरुणानं परत लावली, आणि लावताना त्याची नजर धाकटीकडं गेली. तेवढं पुरलं. रेडिओ बढाईखोर होता, पण बुद्दू नव्हता. तो माईक सोडून सावकाश कीबोर्डपाशी आला. तिच्या बोटांकडं बघितलं, मग प्लास्टरकडं. नखानं त्यानं त्याचा कोपरा उचलला आणि ते ओढून काढलं. आत ‘−५’ असा लाल आकडा दिसत होता.

"हे काय आहे, धाकटे?"

तिनं सांगितलं. सगळं, एका दमात, मैदानातल्या त्या संध्याकाळपासून. जन्मात ती त्याच्याशी सलग एवढं कधी बोलली नव्हती. गिटारवाला मध्ये काहीतरी म्हणायला गेला, तर रेडिओ म्हणाला, "जावईबापू, तुम्ही तारा उतरवल्या. आता तोंड उघडू नका." मग त्यानं कोट उचलला, बाह्यांत हात न घालताच खांद्यावर टाकला आणि निघून गेला.

आठवडाभर त्याचा फोन नाही. धाकटीनं केला तर वहिनी उचलायची आणि म्हणायची, "आहे. पण नाहीये." शेवटी धाकटी उठून त्याच्या घरी गेली. आतल्या खोलीतून गाण्याचा आवाज येत होता. आधी तिला वाटलं तोच गातोय, मग लक्षात आलं, रेकॉर्ड लावलीय. कधी न ऐकलेल्या आपल्या सगळ्या रेकॉर्डी तो ओळीनं ऐकत बसला होता. ती दारात उभी राहिली. त्यानं मान वळवली नाही.

"चांगला गायचा पोरगा," तो रेकॉर्डकडं बघत म्हणाला.

"दादा..."

"वीस वर्षं मी पोरांना शिव्या घातल्या. खालून गाता म्हणून. आणि ती पोरं काय म्हणत असतील मागं?"

"कुणी काही म्हणत नव्हतं."

"म्हणजे सगळ्यांना माहीत होतं."

 गाणं संपून सुई नुसतीच खरखरायला लागली.

"मला सांगितलं का नाहीस?"

"सांगितलं असतं तर तू उठला असतास."

"उठलोच असतो. मोकळा झालो असतो. माझी वीस वर्षं खोटी केलीस तू."

हे मात्र धाकटीला लागलं. "खोटी कशी? तू गात होतास. गळा तुझा, दम तुझा. मी फक्त..." आणि मग जे तिनं स्वतःशीही कधी कबूल केलं नव्हतं ते तोंडातून निघून गेलं. "तू उठला असतास तर मी काय केलं असतं? तुझं सगळीकडं नाव आहे. मला तुझ्या डाव्या हाताला बसण्याशिवाय दुसरं काय येतं? तू नुसता स्वतःपुरता उठणार होतास. मला विचारलं होतंस?"

रेडिओनं पहिल्यांदा तिच्याकडं बघितलं.   धाकटी डोळे पुसून बाहेर आली, वहिनीनं पुढं केलेला चहा तसाच ठेवला आणि घरी गेली.

कार्यक्रमाच्या आदल्या दिवशी वहिनीचा निरोप आला. दादा येणार आहे. मूळ पट्टीत गाणार आहे. टेप होती तशी ठेवायला सांगितलंय, आणि बटण शून्यावर. धाकटी म्हणाली, "वहिनी, त्याला जमायचं नाही गं." वहिनी म्हणाली, "ते त्यालाही कळतंय. पण तो उठायचाच असेल तर तिथून उठणार म्हणतोय, जिथून सुरुवात केली तिथून."

सभागृह भरलं होतं. बरेचसे लोक पिकल्या केसांचे, काही काठ्या टेकत आलेले. दोन-तीन निवृत्त बसवालेही होते. रेडिओ कोट घालून आला, भांग उलट्या बाजूला. धाकटीकडं न बघताच तो माईक हातात घेऊन उभा राहिला. टेप लागली. तो बावीस वर्षांचा आवाज त्या रिकाम्या होत चाललेल्या इमारतीत असा काही घुमला की धाकटीला दुकानातल्या केसांचा आणि पावडरीचा वास आला, वडील आठवले, व्हॅन आठवली, आणि तिला रडू यायला लागलं. समोर पुष्कळ लोक डोळे टिपत होते. रेडिओ खाली मान घालून ऐकत होता.

पहिलं कडवं संपलं. धाकटीनं मूळ पट्टीत सूर दिला आणि रेडिओनं दुसरं उचललं. पहिली ओळ त्यानं ओढून नेली. दुसरीला त्याच्या मानेच्या शिरा ताठ झाल्या. लोक खुर्चीत पुढं सरकले. कुणाचं तरी भलं व्हावं म्हणून आपण श्वास धरतो, तसा सगळ्यांनी धरला होता. तिसऱ्या ओळीवर तो चढू लागला, तिथं पोचण्याआधीच आवाज फाटला आणि तो थांबला.

धाकटीची बोटंही थांबली.  आता तो माईक जागेवर अडकवेल, वाकून नमस्कार करेल आणि उतरून जाईल. ते कसं करेल हेसुद्धा तिला दिसत होतं, आणि त्याच्यानंतर काहीच दिसत नव्हतं. कुणीतरी मागून टाळ्या सुरू केल्या. मऊ, सांत्वन केल्यासारख्या, नेमक्या त्याच टाळ्या. रेडिओनं हात वर करून त्या बंद केल्या.

मग तो वळला. माईक हातात तसाच होता, त्यामुळं बोलणं सगळ्यांना ऐकू गेलं.

"धाकटे, झेपत नाही गं मला. खाली घे."

कुणाला हसावं की काय करावं कळेना. धाकटीला तर आधी ऐकूच आलं नाही, मग आलं. गिटारवाल्यानं आपली गिटार मांडीवर आडवी ठेवली. त्याच्या तारा एवढ्यात उतरणार नव्हत्या. रेडिओ थांबला होता, तिच्याकडं बघत.

"किती?" तिनं विचारलं. आयुष्यात पहिल्यांदाच विचारत होती.

"मला काय विचारतेस?" तो म्हणाला. "तुलाच माहीत आहे."

तिनं सगळ्यांच्या देखत बटण दाबलं, हवं तेवढं खाली आणलं, मग त्याच्या भरत चाललेल्या छातीकडं बघून आणखी एकदा दाबलं, आणि सूर दिला.